कानात ‘टाक, टाक’ चालू असताना

ताई, नमस्कार. मी एका वृत्तवाहिनीत बुलेटिन प्रोड्युसर आहे. वय २९. आधी डेस्कवर होते, गेल्या वर्षी पीसीआरमध्ये, म्हणजे लाइव्ह बुलेटिन जिथून चालतं त्या कंट्रोल रूममध्ये, आले. रनडाउन, म्हणजे बातम्यांचा क्रम, चालवते, अँकरच्या कानात बोलते. दोन महिन्यांपूर्वी संध्याकाळच्या बुलेटिनमध्ये दुसऱ्या एका चॅनेलवर एका निधनाची पट्टी दिसली. नुसतं नाव होतं. ते नाव एका ज्येष्ठ कलावंतांचंही आहे. आउटपुटचे, म्हणजे पडद्यावर काय जाणार ते बघणारे, सर मागे उभे होते, ते ओरडले, ‘सगळ्यांकडे आहे, टाक!’ मी ग्राफिक्सच्या मुलाला नाव सांगितलं, त्याने लायब्ररीतून फोटो उचलला, मी ‘टेक’, म्हणजे ‘पडद्यावर घे’, म्हटलं. गेलेली व्यक्ती त्याच नावाची दुसरीच होती. आम्ही ज्यांचा फोटो दाखवला ते हयात आहेत. थोड्या वेळाने ते उतरवलं, अँकरने दिलगिरी व्यक्त केली. नंतर त्यांच्या मुलीचा फोन आला. ती रडत होती. तो फोन मीच घेतला.

तेव्हापासून ब्रेकिंग आली की माझी बोटं गार पडतात. अँकर ‘पुढे काय?’ विचारते आणि माझ्या तोंडून शब्द फुटत नाही. एका शिफ्टला छातीत इतकं धडधडलं, की हेडसेट काढून बाहेर पळाले. झोपेतसुद्धा दहा, नऊ, आठ मोजत असते. सर म्हणतात, लाइव्ह रक्तातच असावं लागतं. मी लाइव्हसाठी नाहीच का? रेकॉर्डेड कार्यक्रमांच्या टीममध्ये जायची संधी आलीये, जाऊ का? त्या कुटुंबाला स्वतः पत्र लिहावं असं सारखं वाटतं. ग्राफिक्सचा मुलगा माझ्याशी बोलत नाही. त्याला मेमो मिळाला, मला नाही. — पीसीआरमधली एक

प्रिय मैत्रिणी,

तुझ्या सरांच्या वाक्यापासूनच सुरुवात करते, कारण तुझं सगळं पत्र त्या वाक्याच्या ओझ्याखाली दबलेलं आहे. लाइव्ह कुणाच्याही रक्तात नसतं. पीसीआरमध्ये शांत दिसणारी माणसं मी जवळून पाहिली आहेत. त्यांची शांतता जन्मजात नव्हती. बुलेटिन सुरू व्हायच्या आधीच त्यांचे बरेचसे निर्णय घेऊन झालेले असायचे. ओबीची, म्हणजे घटनास्थळावरच्या प्रक्षेपण गाडीची, लाइन तुटली तर कुठल्या बातमीवर जायचं, पाहुणा वेळेत आला नाही तर काय, मोठी बातमी आली तर कुणी कुणाला फोन करायचा, अँकरने तोवर काय बोलायचं. ऐन वेळी त्यांना आठवावं लागायचं, शोधावं लागत नव्हतं. बाहेरून बघणाऱ्याला तो त्यांचा स्वभाव वाटायचा.

आता तुझ्या त्या संध्याकाळकडे बघू. तू स्वतःला दोष देताना एकाच क्षणाकडे बघतेस, ‘टेक’ म्हटलं त्या क्षणाकडे. पण तेव्हा तू काय काय करत होतीस? घड्याळ बघत होतीस. अँकर वाचत असलेली बातमी किती सेकंदांत संपते याचा हिशोब डोक्यात होता. प्रिव्ह्यूवर पुढचं दृश्य होतं, टॉकबॅकवर, म्हणजे हेडसेटवर, कुणीतरी बोलत असणारच, आणि पाठीमागून एक वरिष्ठ ओरडत होते. माणूस एकाच वेळी नीट ऐकू आणि नीट बोलू शकत नाही. दोन्हीसाठी लागणारं लक्ष एकाच ठिकाणाहून येतं. त्यात भीती मिसळली की लक्षाचा परीघ आवळतो, समोरची एकच गोष्ट दिसते, बाजूच्या दिसेनाशा होतात. ‘या नावाची माणसं दोन तर नाहीत ना?’ हा प्रश्न बाजूचा होता. अशा गोंधळात तो सुचत नाही, तुलाच काय, फार अनुभवी माणसालाही नाही. म्हणून तो प्रश्न आधीपासून कुठेतरी लिहून ठेवलेला असायला हवा होता, आणि तो विचारणं हे एखाद्याचं ठरलेलं काम असायला हवं होतं. ते कुणाचंच नव्हतं. नाव सांगणारी तू, फोटो शोधणारा तो मुलगा, घाई करणारे सर, आणि ‘थांबा’ म्हणायला कुणीच नाही.

यात तुझा वाटा आहे. तो मी पुसून टाकत नाही, तुलाही तो पुसलेला नको असेल. पण तो वाटाच आहे, सगळी चूक तुझी नाही.

निधनाच्या बातमीने तर लाइव्ह टीव्हीला फार पूर्वीपासून अडचणीत आणलंय. २२ नोव्हेंबर १९६३ ला अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष केनेडी यांच्यावर गोळीबार झाला, तेव्हा सीबीएस या वाहिनीच्या न्यूजरूममधला कॅमेरा तयार नव्हता. त्या काळचे कॅमेरे तापून चालू व्हायला वेळ घ्यायचे. सुरुवातीच्या बातम्या अँकर वॉल्टर क्रॉन्काइट यांनी नुसत्या आवाजातच दिल्या, पडद्यावर स्थिर पाटी होती. पुढे डॅलसहून केनेडी गेल्याच्या बातम्या येऊ लागल्या. क्रॉन्काइट यांनी त्या सांगितल्या, पण पुष्टी झालेली नाही असं स्पष्ट बजावत सांगितल्या. अधिकृत म्हणून बातमी हातात पडल्यावरच त्यांनी केनेडी गेल्याचं वाक्य उच्चारलं. अख्खा देश टीव्हीपुढे बसलेला असताना ते थांबू शकले.

१९८१ च्या ३० मार्चला असं थांबणं कुणाला जमलं नाही. राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्यावरच्या हल्ल्यात त्यांचे प्रसिद्धी सचिव जेम्स ब्रेडी यांना डोक्यात गोळी लागली होती. अमेरिकेतल्या मोठ्या नेटवर्कांनी ते गेल्याचं जाहीर करून टाकलं. बातमी चुकीची निघाली तेव्हा एबीसीचे अँकर फ्रँक रेनल्ड्स कॅमेऱ्यासमोरच आपल्या माणसांवर चिडले, नक्की काय ते एकदा कळवा म्हणाले. ब्रेडी पुढे २०१४ पर्यंत जगले. रेनल्ड्स यांचा तो राग मला नेहमी योग्य वाटत आलाय. लोकांसमोर चेहरा त्यांचा होता, आणि त्या चेहऱ्याला पुरवलेली माहिती कच्ची होती. तुझ्या अँकरनेही त्या दिवशी तुझ्या शब्दावर विश्वास ठेवून वाचलं. पुढच्या वेळी तिच्या कानात बोलताना हे लक्षात असू दे. मी हे तुला घाबरवायला सांगत नाहीये. तुझ्या शब्दाला किती वजन आहे ते तुला कळावं म्हणून सांगतेय.

तिसरा प्रसंग तुझ्या प्रसंगाच्या सगळ्यात जवळचा. ८ जानेवारी २०११ ला अमेरिकेतल्या टुसॉन इथे काँग्रेस सदस्या गॅब्रिएल गिफर्ड्स यांच्यावर गोळीबार झाला. एनपीआर या रेडिओ संस्थेने त्या गेल्याची बातमी दिली आणि मोठमोठ्या वाहिन्यांनी ती उचलली. गिफर्ड्स जिवंत होत्या, शस्त्रक्रिया चालू होती. ‘सगळ्यांकडे आहे’ याचा अर्थ त्या दिवशी जगाला दिसला. सगळ्यांकडे होतं, कारण सगळ्यांनी एकमेकांकडून घेतलं होतं. चार चॅनेलवर एकच पट्टी धावत असली तरी बातमीचा स्रोत एकच असू शकतो, आणि तो एक चुकलेला असू शकतो. पीसीआरच्या भिंतीवर इतर चॅनेलचे स्क्रीन लावलेले असतात ते ‘काहीतरी घडतंय, फोन लावा’ एवढं कळण्यासाठी. त्यावर दिसलेली ओळ म्हणजे आपल्याकडे आलेली बातमी नव्हे.

म्हणून तुझ्या पीसीआरमध्ये एक गोष्ट बदलून घे, आणि ती तू घेऊ शकतेस. निधनाच्या बातमीसाठी वेगळा नियम. नाव पडद्यावर जाण्याआधी तीन गोष्टी डेस्कने लिहून द्यायच्या: कुणी सांगितलं (कुटुंबीय, रुग्णालय किंवा अधिकृत निवेदन), किती वाजता सांगितलं, आणि गेलेली व्यक्ती नक्की कोण, म्हणजे पूर्ण नाव, वय, ओळख. फोटो दुसऱ्या माणसाने स्वतंत्रपणे जुळवायचा. आणि लायब्ररीतल्या फाइलींची नावं बघ. माझी जवळजवळ खात्री आहे की त्या मुलाने शोधलं तेव्हा नुसत्या नाव-आडनावाची एक फाइल समोर आली असेल आणि त्याने ती उघडली असेल. दुसरं काय करणार होता तो? फाइलच्या नावात माणसाची ओळख आणि जन्मसाल घातलं तर पुढचा असा अपघात तिथेच अडेल. कंटाळवाणं काम आहे. आठवड्याला थोड्या थोड्या फाइली केल्या तरी होईल.

हे मांडायचं कसं? पीसीआरमध्ये, शिफ्टवर, सरांशी वाद घालत अजिबात नाही. एक पान लिही. काय झालं ते चार ओळींत, कुणाचंही नाव न घेता. त्याखाली हा नियम. संपादकांकडे दे. ज्या वाहिनीला नुकतीच जाहीर दिलगिरी व्यक्त करावी लागलीये, तिथे असा कागद वाचला जाण्याची शक्यता एरवीपेक्षा कितीतरी जास्त असते. आणखी चार महिन्यांनी कुणाला काही आठवणार नाही, म्हणून लवकर दे. कुणी म्हणेल, एवढं करत बसलो तर आपण मागे पडू. पडाल, दोन-तीन मिनिटं. ती मिनिटं प्रेक्षकाच्या लक्षात राहत नाहीत. जिवंत माणसाचा फोटो निधनाच्या चौकटीत दिसला, तर तो मात्र राहतो. स्पर्धेचा दबाव खोटा आहे असं मी म्हणत नाही, तो रोज तुझ्या मागे उभा असतो. पण त्याला उत्तर लेखी नियमानेच देता येतं, एकट्या माणसाच्या हिमतीवर नाही.

दुसरी गोष्ट कानातल्या आवाजाची. हा भाग मला फार महत्त्वाचा वाटतो, आणि आपल्याकडे त्याबद्दल कुणीच गंभीरपणे बोलत नाही. विमान वाहतुकीत अमेरिकेने १९८१ मध्ये एक नियम केला. विमान १०,००० फुटांच्या खाली असताना, म्हणजे उड्डाणाच्या आणि उतरण्याच्या वेळी, कॉकपिटमध्ये कामाशिवाय एक शब्दही बोलायचा नाही. गप्पा नाहीत, चौकशा नाहीत. आधीच्या काही अपघातांत ऐन मोक्याच्या वेळी वैमानिक भलत्याच बोलण्यात गुंतलेले होते, त्यातून हा नियम आला. लाइव्हमध्ये ब्रेकिंग येते तो क्षण तसाच असतो. त्या क्षणी टॉकबॅकवर एकच आवाज हवा, आणि तो बुलेटिन चालवणाऱ्याचा, म्हणजे तुझा. बाकी कुणाला काही सांगायचं असेल तर त्याने तुला सांगावं, थोडक्यात सांगावं, आणि मागून ओरडून तर मुळीच सांगू नये. हेही त्या पानावर लिही. वरिष्ठांना पीसीआरमध्ये यायचा हक्क आहे, पण बोलायची एक पद्धत असावी. ‘होल्ड’ हा शब्द सगळ्यांनी मिळून ठरवून घ्या. खोलीतल्या कुणीही, अगदी काल लागलेल्या मुलानेही ‘होल्ड’ म्हटलं, की ते ग्राफिक थांबणार. कारण नंतर विचारायचं.

अँकरशीही बसून बोल. शिफ्टच्या आधी, चहाच्या वेळी. तिला विचार, ‘माझ्याकडून शब्द आला नाही तर तुला काय सोपं जाईल?’ चांगल्या अँकरकडे अशा वेळेसाठी दोन-तीन वाक्यं तयार असतात, किंवा ती आधीची बातमी पुन्हा थोडक्यात सांगत वेळ काढते. हे दोघींनी आधी ठरवलं असेल तर तू चार सेकंद गप्प राहिलीस म्हणून आभाळ कोसळत नाही. आणि तिच्या कानात बोलशील तेव्हा कमी बोल. तिचं वाक्य संपतं तिथे बोल, मधे नाही. ‘पुढे फोनो (फोनवरचं बोलणं), मग ब्रेक’ एवढं पुरतं. तू हळू आणि खालच्या पट्टीत बोललीस तर ती शांत होईल, आणि तिचा शांत आवाज तुझ्याकडे परत येईल. उलटही तितकंच खरं आहे, तुझी घाई दोन सेकंदांत तिच्या आवाजात ऐकू येते.

आता तुझ्या शरीराबद्दल. बोटं गार पडणं, आवाज न फुटणं, धडधड, हेडसेट काढून पळून जाणं. यातलं काहीही दुबळेपणाचं लक्षण नाही. शरीराने एकदा धोका अनुभवला, तो कुठल्या खोलीत, कुठल्या आवाजाच्या साथीने आला ते लक्षात ठेवलं, आणि आता तसा आवाज आला की ते आधीच भोंगा वाजवतं. २००४ मध्ये एबीसीच्या सकाळच्या कार्यक्रमात डॅन हॅरिस नावाचे पत्रकार बातम्या वाचत होते. मधेच त्यांचा श्वास अडकला, जीभ जड झाली, त्यांना बातम्या अर्ध्यावर सोडून सहकाऱ्यांकडे परत जावं लागलं. तो पॅनिक अटॅक होता, हे त्यांनी पुढे स्वतःच जगाला सांगितलं. उपचार घेतले आणि त्यानंतर कितीतरी वर्षं टीव्हीवर काम केलं.

तूही डॉक्टरांकडे जा, हे मी आग्रहाने सांगते. आधी साधी तपासणी, कारण धडधडीमागे थायरॉइड किंवा रक्त कमी असणं अशी कारणंही असू शकतात आणि ती आधी बाजूला झालेली बरी. मग मानसोपचारतज्ज्ञ किंवा समुपदेशक. दोन महिने होऊन गेले, झोपेवर परिणाम आहे, कामात अडथळा येतोय. एवढं जाण्यासाठी पुरेसं आहे, आणखी वाईट व्हायची वाट बघू नकोस. तोवर शिफ्टवर करता येईल असं थोडंसं: ब्रेकिंगची चाहूल लागली की आधी श्वास सोड, पूर्ण, सावकाश, घेण्यापेक्षा सोडायला जास्त वेळ लागू दे. दोन्ही पाय जमिनीवर टेकव. मग बोल. शिफ्टच्या शेवटच्या तासांत चहा-कॉफी टाळ. घरी गेल्यावर त्या बुलेटिनचं रेकॉर्डिंग बघू नकोस. तू ते बघतेस, हे तू लिहिलेलं नाहीस, पण मला वाटतं बघत असशील.

रेकॉर्डेड कार्यक्रमांकडे जाऊ का, असं विचारलं आहेस. जा, पण कायमची म्हणून आत्ता नको. भीतीच्या मध्यावर घेतलेला निर्णय भीतीचा असतो, तुझा नसतो. शिवाय भीतीच्या जागेपासून पूर्ण लांब राहिलं की भीती कमी होत नाही, ती त्या जागेत ठाण मांडते. म्हणून तीन-चार महिन्यांसाठी जा, मुदत लेखी घे, आणि त्या काळात आठवड्याला एखादं दुपारचं हलकं बुलेटिन चालवत राहा, शक्यतो दुसऱ्या अनुभवी प्रोड्युसरसोबत. डॉक्टरांना हे विचारून घे, त्यांनी पूर्ण विश्रांती सांगितली तर त्यांचं ऐक. मुदत संपेल तेव्हा स्वतःला एकच विचार: मोठी बातमी येते तेव्हा भीतीच्या जोडीला अजून थोडी ओढ वाटते का? वाटली तर परत ये. नाही वाटली तर येऊ नकोस, त्यात कमीपणा काहीच नाही. चांगली माहितीपर मालिका करायलाही अक्कल लागते, आणि ती तुझ्याकडे आहे हे तुझं पत्र वाचून कळतं. फक्त एक लक्षात घे. तू परत आलीस आणि पीसीआर जसाच्या तसा असला, मागे तोच ओरडणारा आवाज, तीच लायब्ररी, तर बरी झालेली तूही पुन्हा तिथेच पोचशील. म्हणून ते पान जायच्या आधी दे.

त्या कुटुंबाला लिहावं का? हो, लिहावं. टुसॉनच्या त्या दिवशी गिफर्ड्स यांचे पती मार्क केली विमानाने त्यांच्याकडे निघाले होते आणि आपली पत्नी गेल्याची खोटी बातमी त्यांनी वाटेत टीव्हीवर पाहिली. पडद्यावरून उतरलेली पट्टी त्या घरातून इतक्या लवकर उतरत नाही. त्या मुलीने केलेला फोन तू विसरली नाहीस, तीही तिला बसलेला धक्का विसरलेली नसणार. पण संपादकांना सांगून लिही, गुपचूप नको, नाहीतर उद्या त्यातून वेगळंच काही उभं राहील आणि त्याचा त्रास त्याच लोकांना होईल. पत्र लहान ठेव. काय चुकलं ते स्पष्ट लिही, त्यामुळे त्यांना काय सोसावं लागलं याची जाणीव आहे असं लिही, आणि पुन्हा होऊ नये म्हणून काय बदललं ते लिही. किती दबाव होता, कोण ओरडलं, तुला झोप कशी लागत नाही, हे त्यात नको. क्षमा मागावी, पण ‘क्षमा केली असं कळवा’ अशी अपेक्षा त्या पत्रात डोकावू देऊ नये. उत्तर आलं नाही तर तो त्यांचा हक्क आहे. आणि लिहायच्या आधी एक बघ: त्या बुलेटिनची क्लिप वाहिनीच्या यूट्यूबवर किंवा इतर कुठे अजून पडून आहे का? असेल तर आधी ती काढायला लाव. ती तशीच ठेवून पत्र पाठवण्यात काही अर्थ नाही.

आता त्या मुलाचं. मेमो त्याला मिळाला आणि तुला नाही, हे तू पत्राच्या अगदी शेवटी, एका ओळीत लिहिलंस. मला मात्र तुझ्या झोपेचं कारण त्यातही दिसतं. अमेरिकेत वैमानिकांसाठी १९७६ पासून नासा एक व्यवस्था चालवते. आपली नकळत झालेली चूक आपणहून गोपनीयपणे कळवायची, आणि कळवली तर शिक्षेतून बऱ्याच अंशी संरक्षण मिळतं. त्यातून लाखो अहवाल जमले, आणि कुठे काय चुकतं हे सगळ्यांना शिकता आलं. जिथे सगळ्यात लहान माणसाच्या हातात मेमो देऊन विषय मिटवला जातो, तिथे पुढच्या वेळी तो लहान माणूस शंका आली तरी गप्प बसतो. तुझ्या खोलीत आता ‘होल्ड’ म्हणणारा एक माणूस कमी झाला आहे.

नाव तू सांगितलंस, ‘टेक’ तू म्हटलंस. हे लेखी दे, संपादकांना आणि एचआरला, की फोटो तपासायची कुठलीही पद्धत तेव्हा नव्हती, अंतिम होकार माझा होता, आणि त्याच्यावरचा मेमो मागे घ्यावा. याचा तुला थोडा त्रास होऊ शकतो, तो ओळखूनच मी हे सुचवतेय. ते दिल्यावर त्याला भेट, शिफ्टच्या आधी, पीसीआरच्या बाहेर. तू काय लिहून दिलंस ते त्याला वाचायला दे. त्याला राग असेल तर तो बोलू दे, मधे स्पष्टीकरण देऊ नकोस. मग लायब्ररीतल्या फाइलींचा विषय काढ आणि नावं कशी द्यावीत ते त्यालाच विचार. त्या लायब्ररीत रोज तोच शोधत असतो.